गाळलेला खर्ज

गुरिया प्रांतातल्या ओझुर्गेती या गावी, बाजाराच्या मागल्या दारासमोर, मिनीबसच्या थांब्याला पाठ लावून, सहा हात लांब आणि चार हात रुंद असे एक दुकान आहे. त्या दुकानात जुंबेर चानुक्वाद्झे हा गृहस्थ अकरा वर्षे लोकांना गाणी भरून देत आला. ‘भरून देणे’ हाच त्या धंद्यातला शब्द, आणि तो चपखलही होता. कारण येणारे गिऱ्हाईक गाणे मागत नसे, रिकामा डबा पुढे करून तो काठोकाठ भरून मागत असे. नव्वदच्या दशकात याच चौकात रॉकेलची रांग लागे. रॉकेल कोणत्या विहिरीचे, असे त्या रांगेत कोणी कधी विचारल्याचे ऐकिवात नाही.

“सोळा जीबीचा आहे,” मिनीबस घेऊन बातुमीच्या फेऱ्या मारणारा गोचा नखाएवढा पेनड्राइव्ह काउंटरवर आपटून म्हणे. “बातुमीला जाऊन परत येईपर्यंत एकही गाणं दुसऱ्यांदा वाजता कामा नये.”

“कसली गाणी हवीत?”

“चांगली. आणि मोठी.”

हेझलनटच्या हंगामात हातात लारीची चार नाणी खुळखुळू लागली की बायकाही येत. “ते दे रे जुंबेर, ते… ज्यात तो माणूस रडतो.” कोणता माणूस, कुठे ऐकले, या प्रश्नांना उत्तर एकच: “मला काय ठाऊक? लग्नात लावलं होतं!” इटलीत म्हाताऱ्यांच्या शुश्रूषेला गेलेल्या गुरियन बायका तिकडून अर्धा मिनिट गुणगुणून फोनवर पाठवीत आणि खाली लिहीत, ‘हे शोध, आठवण येते.’ कशाची आठवण येते हे गुणगुणण्यावरून कळत नसे, तरी जुंबेर काहीतरी पाठवी, आणि बाई रडली असे उत्तर येई. श्रोता रडला म्हणजे गाणे बरोबर होते, हा या व्यवहारातला एकमेव निकष.

ज्या प्रांतात एक गाणे शिकण्यासाठी माणूस दोन टेकड्या ओलांडून जाई, यजमानाचा मका आठवडाभर खुरपी आणि मग गाणे पदरात घेऊन घरी परते, त्या प्रांताची ही प्रगती आहे. गाणे आता अंगठ्याने मिळते. अंगठ्याने मिळालेल्या वस्तूकडे माणूस जितके लक्ष देतो, तितकेच त्याच्याकडेही दिले जाते.

जुंबेर पूर्वी चहाच्या कारखान्यात गोदाम-कारकून होता. कारखाना बंद पडला, छपराचे पत्रेही लोकांनी नेले, आणि नोंदी ठेवण्याची सवय तेवढी त्याच्याकडे राहिली. त्याला आवाज नव्हता, आणि कान तर त्याहून नव्हता. इतरत्र हा दोष खपून जातो. गुरियात तीन माणसे मेजाभोवती बसली की तीन आवाज उठतात: वरचा, कोंबड्यासारखा आरवत उड्या मारणारा, मधला, शब्द बोलणारा, आणि खालचा खर्ज, जो काखेतीसारख्या दुसऱ्या प्रांतांतल्याप्रमाणे एका जागी बसून राहत नाही, तर त्या दोघांशी भांडत, त्यांना अडवत, मध्येच त्यांच्या पायांतून निसटत चालतो. अशा ठिकाणी मुका पुरुष म्हणजे ताटातली जादा सुरी. त्यात त्याने लग्न केले ते लमाराशी, म्हणजे अम्ब्रोसी त्सिंत्साद्झेच्या मुलीशी. आणि अम्ब्रोसीचा खर्ज असा, की तो गाऊ लागला की मेजावरचे पेले आपापल्या जागेवरून सरकतात, असे लोक सांगत. सासऱ्याने तीस वर्षांत जावयाला गाण्याविषयी एकच वाक्य ऐकवले होते: “तू वाइन ओत, तुझा हात स्थिर आहे.”

त्या वाक्याचा सूड म्हणा किंवा उतारा म्हणा, जुंबेरने इंटरनेटवर ‘गुरियाचा खजिना’ नावाचे ठिकाण उघडले. सहा हजार चारशे बारा गाणी. कोणी गायली, कधी, कोणत्या गावी, याच्या रकान्यांत पुष्कळदा नुसती रेघ असे. गाणे कोणाच्या संग्रहातले, या रकान्यात मात्र प्रत्येक वेळी पूर्ण नाव: जुंबेर चानुक्वाद्झे. आपण गाण्यांचे रक्षक आहोत असे त्याला मनापासून वाटे. मनापासून वाटणे हा त्याच्या बाजूने सांगता येण्याजोगा एकमेव मुद्दा आहे.

खजिन्यातले सर्वांत गाजलेले गाणे ‘पाहुण्याचा घोडा’. एकोणऐंशी साली बातुमीहून दोन माणसे यंत्र घेऊन आली आणि मक्याच्या कोठारात त्यांनी तिघांना बसवून ते टेपवर घेतले. वरचा आवाज ओतियाचा, मधला पार्तेनचा, खर्ज अम्ब्रोसीचा. ओतिया पुढे झाडावरून पडून गेला, पार्तेन छातीच्या दुखण्याने गेला, आणि तिघे एकत्र असलेली ध्वनिफीत जगात ही एवढीच राहिली. यंत्रवाल्यांनी दिलेले रीळ अम्ब्रोसीच्या कपाटात बिस्किटांच्या डब्यात पडून होते. सासऱ्याने ते जावयाला दिले, तेव्हा म्हटले, “तुझ्याकडे यंत्र आहे म्हणते लमारा. घे.” जावयाकडे न पाहता म्हटले, पण दिले.

त्या ध्वनिफितीला दोन मायक्रोफोन लावले होते. एक ओतिया आणि पार्तेन यांच्या मध्ये, आणि दुसरा एकट्या अम्ब्रोसीसमोर, कारण त्याच्या आवाजाने यंत्राचा काटा उडत होता. टेपवर त्यामुळे दोन पट्टे होते, डावा आणि उजवा. टेप संगणकाला जोडणाऱ्या जुंबेरच्या तारेतला उजवा दोरा आतून तुटलेला होता. संगणकात एकाच बाजूचा आवाज उतरला. जुन्या वस्तू अशाच असायच्या, असे म्हणून त्याने तो दोन्ही बाजूंना पसरला. डाव्या पट्ट्यावर अम्ब्रोसी दूरवरून तरी ऐकू येत होता. तेही जुंबेरला टेपची खरखर वाटले. खरखर काढण्याची सोय संगणकात असते. नको असलेल्या आवाजाचा नमुना तिला दाखवावा लागतो. जुंबेरने सुरुवातीचा एक तुकडा निवडला, जिथे कोणी गात नव्हते आणि खालून नुसती घरघर येत होती. ती घरघर म्हणजे अम्ब्रोसी. गाणे उठण्याआधी त्याने दोघांना धरून दिलेला सूर. संगणकाने प्रामाणिकपणे त्या नमुन्याशी जुळणारे सगळे शोधून पुसले. गोदामात कारकुनाने उंदीर समजून मांजर मारावे, तसा हा प्रकार. फरक इतकाच, की मांजराची नोंद निदान कोणीतरी घेतो.

गाणे एक्केचाळीस हजार वेळा उतरवले गेले. ज्यांना ते गाणे ठाऊक होते ते काही उतरवून घेत नव्हते, आणि जे उतरवून घेत होते त्यांना ते ठाऊक नव्हते. शिवाय सारा गुरिया फोनच्या टिचभर तोंडातून संगीत ऐकत होता, ज्यातून खर्ज नाहीतरी येत नाही. लमाराने एकदा स्वयंपाकघरात ऐकले आणि म्हणाली, “बाबा का ऐकू येत नाहीत?” जुंबेर म्हणाला, “फोन लहान आहे.” अम्ब्रोसीने स्वतः कधी ऐकले नाही. “मी गायलोय ते,” तो म्हणे. “स्वयंपाक्याने उष्टं कशाला खायचं?”

मग अम्ब्रोसीच्या नातीचे लग्न निघाले. म्हातारा तेव्हा पंच्याऐंशीचा. जुंबेरने मोठ्या हौसेने एक बेत केला: चोखाटौरीच्या मिरियनचा तरुणांचा गायकवृंद बोलावायचा आणि सासऱ्याच्या देखत ‘पाहुण्याचा घोडा’ म्हणवायचा. मिरियन तिशीचा, दाढी नीट कोरलेली, वृंदाला घेऊन पुढच्या महिन्यात परदेशातल्या स्पर्धेला निघालेला. पाच जण आले, काळे अंगरखे घालून, छातीवर काडतुसांच्या रिकाम्या नळ्या. मेजवानीत पेल्यांची सूत्रे सांभाळणारा तमादा उठला, त्याने घरातल्या ज्येष्ठासाठी पेला उचलला, आणि गाणे सुरू झाले.

ओतियाची प्रत्येक उडी तिथे होती. पार्तेनचा प्रत्येक शब्द होता. त्याला एकोणऐंशी साली एके ठिकाणी आलेला खोकल्याचा झटकासुद्धा त्या पोरांनी शिकून जसाच्या तसा म्हटला. आणि खाली उरलेले तिघे एकाच सुरावर ओठ गोल करून उभे होते: ऊऽऽऽ.

अम्ब्रोसीने पेला खाली ठेवला.

“हे काखेतीचे आहेत का?” त्याने विचारले.

“नाही, आजोबा!” मिरियन हसत जवळ आला. “आम्ही इथलेच. चोखाटौरीचे.”

“मग खाली काय करत होते ते तिघे? म्हशी हाकत होते?”

मेजावर हशा पिकला. मिरियनही हसला, कारण त्याला वाटले, आजोबा खुशीत आहेत.

“ते आम्ही बसवलंय, आजोबा. मूळ गाणं दोनच आवाजांचं आहे, पण स्टेजवर दोन आवाज रिकामे वाटतात.”

“दोन.”

“हो. फार जुना थर आहे हा. त्बिलिसीच्या एका संशोधकबाईंनी त्यावर लेख लिहिलाय. गुरियातलं एकमेव दोन आवाजांचं गाणं!”

“आणि दोन आहेत हे तुला कुणी सांगितलं?”

“डाउनलोड केलं ना. आम्ही एका ठिकाणावर विसंबत नाही, आजोबा. चार ठिकाणांहून उतरवलं आणि ताडून पाहिलं. चारही तंतोतंत सारखे.”

चारही ठिकाणांनी ते जुंबेरकडूनच उचलले होते. एका माणसाला चार आरशांत पाहून चार साक्षीदार मिळाल्याचा आनंद होणारे लोक पूर्वी जत्रेत भेटत. आता ते लेख लिहितात.

“त्या कोठारात आम्ही तिघे गेलो होतो,” अम्ब्रोसी हळू म्हणाला. “ओतिया गायला. पार्तेन गायला. मी काय करत होतो? घोडा धरून बाहेर उभा होतो?”

मिरियनने अंमळ विचार केला. “कदाचित तो दुसरा दिवस असेल, आजोबा.”

या उत्तरावर मेजाच्या त्या टोकाला कोणी हसले नाही. अम्ब्रोसी मात्र पोराला वाईट शब्द बोलला नाही. तो म्हणाला, “रविवारी ये माझ्याकडे. तीन रविवार. मक्याची भाकरी, चीज आमच्याकडे आहे. खर्ज घेऊन जा.”

“नक्की, आजोबा! काय सांगता, आमचं भाग्य!” मिरियनने छातीवर हात ठेवला. “फक्त सध्या तालमी आहेत, व्हिसाचं काम आहे. तुम्ही असं करा ना, फोनवर म्हणून पाठवून द्या. मिनिटभराचं चालेल.”

“एकट्याने म्हटलेला खर्ज म्हणजे पोट दुखणारा माणूस,” अम्ब्रोसी म्हणाला आणि भाकरीचा तुकडा मोडू लागला.

मिरियन त्या रविवारी आला नाही, आणि पुढच्याही नाही. सोमवारी सकाळी अम्ब्रोसीने जावयाला घरी बोलावले. लमारा अक्रोड फोडत बसली होती.

“लावून दाखव,” म्हातारा म्हणाला.

जुंबेरने फोनवर लावले. अम्ब्रोसीने तो कानाला धरला, शेवटपर्यंत ऐकले आणि परत दिला.

“ओतिया छान गायलाय,” तो म्हणाला. “मी कुठाय?”

“बाबा, टेप जुनी… तेव्हाची यंत्रं…”

“जुंबेर, मला यंत्रातलं कळत नाही. मला एवढंच कळतं, की ते दोघे मेले आणि माझ्याशिवाय गात फिरताहेत. किती जणांकडे आहे म्हणालास?”

“एक्केचाळीस हजार,” जुंबेर म्हणाला, आणि त्याही अवस्थेत त्याच्या आवाजात थोडी ऐट आली.

“एक्केचाळीस हजार खिशांत. आता वर गेलो की ओतिया पहिला हेच विचारणार: कुठे होतास रे? त्याला काय सांगू, जावयाने गाळला? मला परत बसव त्यात. बाकी काही मागत नाही. वर्षभर वाट पाहण्याचं माझं वय नाही.”

लमाराने अक्रोडावर हातोडी हाणली. “तीन वर्षांपूर्वी विचारलं होतं मी. फोन लहान आहे म्हणे! फोन लहान नव्हता, जुंबेर.”

दुकानात येऊन जुंबेरने तीन लारींची नवी तार आणली, रीळ चढवले आणि दोन्ही कानांत इअरफोनचे बोळे घालून बसला. उजव्या बाजूने सासरा आला. कान नसलेल्या माणसालाही तो चुकवता येण्याजोगा नव्हता. जिथे ओतियाची उडी आजवर निष्कारण वाटे, तिथे खालून कोणीतरी तिला ढकललेले होते. पार्तेन जिथे उगाच थांबे, तिथे खर्ज त्याच्याआधी बोलून मोकळा झालेला असे, आणि पार्तेनचा खोकलाही खोकला नव्हता. ते अम्ब्रोसीच्या एका आगाऊ वळणावर फुटलेले हसू होते. एक्केचाळीस हजार लोकांनी एका संभाषणातल्या दोघांचे बोलणे ऐकून तिसऱ्याला मुळात जन्मालाच घातले नव्हते.

अशा क्षणी माणसाला शरम वाटावी अशी अपेक्षा असते. जुंबेरला भीती वाटली. शहरदिनाला नगरपालिका त्याला ‘गीतरक्षक’ म्हणून मानपत्र देणार होती. त्बिलिसीच्या बाईंनी लेखात त्याचे नाव तळटिपेत छापले होते, आणि ती तळटीप तो पाकिटात बाळगत असे. तारेतला एक दोरा तुटला होता, एवढे एक वाक्य लिहायचे होते. पण ते लिहिल्यावर त्या दोऱ्याला लटकलेले सगळेच खाली येणार होते.

तरीही त्याने गाणे चढवले, हे नोंदवणे न्याय्य होईल. दोन्ही पट्टे, घरघरीसकट. वर लिहिले, ‘पाहुण्याचा घोडा, नवीन सुधारित प्रत’. काय सुधारले आणि मुळात कोणी बिघडवले, ते लिहिले नाही. जुनी प्रतही काढली नाही. ती शेजारीच राहू दिली, म्हणजे श्रोत्यांनी निवडावे.

श्रोत्यांनी निवडले. पहिल्या तासात खाली शेरे येऊ लागले. ‘जुंबेर काका, खाली कोण म्हातारा कण्हतोय?’ ‘जुनंच बरं होतं, स्वच्छ.’ ‘गाण्यात अस्वल शिरलंय.’ एका शिक्षिकेने लिहिले, की आपल्या पूर्वजांच्या वारशाशी असा खेळ करणाऱ्यांना लाज वाटली पाहिजे. तिने हे तर शाळेच्या नावानिशी लिहिले. इटलीतल्या एका बाईने कळवले, की आधीच्या गाण्याने रडू येत असे, या गाण्याने येत नाही.

दुसऱ्या दिवशी गोचा पेनड्राइव्ह घेऊन दुकानात शिरला, तो लालबुंद.

“हे काय भरून दिलंस? कोबुलेतीच्या चढावर खालून घर्र घर्र आवाज. मला वाटलं गिअरबॉक्स गेला! एकवीस माणसं उतरवली उन्हात, गाडीखाली शिरलो, पाठ काळी करून घेतली. आणि वर एक आजीबाई म्हणते, बाळा, ते गाणं आहे.”

“ते अम्ब्रोसी आहेत,” जुंबेर म्हणाला. “माझे सासरे.”

“मग त्यांना मागच्या सीटवर बसव, इंजिनात नको. जुनं दे.”

त्याने जुने दिले. आजीबाई कोण होती, तिने गाणे कसे ओळखले, हे विचारावे असे दोघांपैकी एकाच्याही मनात आले नाही.

तिसऱ्या दिवशी मिरियन आला. तीन रविवारांसाठी ज्याला वेळ नव्हता तो चोखाटौरीहून बुधवारी सकाळी आठला दारात उभा होता.

“काका, काय केलंत हे? परीक्षकांना आम्ही लिहून दिलंय, दोन आवाजांचं दुर्मीळ गाणं म्हणून. त्यांनी तुमच्याकडे शोधलं आणि तिसरा सापडला तर?”

“अरे, पण तो आहेच. टेपवर आहे.”

“असेल हो! मी कुठे नाही म्हणतो?” मिरियनने खुर्ची ओढली. “आजोबांचा मला आदर आहे. पण बघा, लोकांना कोणतं गाणं माहीत आहे? जे चाळीस हजारांनी ऐकलं ते. परंपरा म्हणजे तरी काय, काका? लोक म्हणतात ती.”

“मग काढून टाकू म्हणतोस?”

“छे! काढू कशाला? म्हातारा माणूस, त्यांना वाईट वाटेल. फक्त वर्ग बदला. खाली कुठेतरी ठेवा. ‘खर्ज नंतर जोडलेली प्रत’ असं लिहा. तेही खूश, आम्हीही मोकळे.”

जुंबेरने चहा मागवला. पेला रिकामा होईपर्यंत त्याने आढेवेढे घेतले. त्यापेक्षा जास्त नाही. मिरियन खुर्चीवरून उठायच्या आधी खजिन्याच्या अगदी तळाशी, फोनच्या घंटीसुरांच्या आणि वाढदिवसाच्या गाण्यांच्या मध्ये, नवे शीर्षक उभे राहिले: ‘पाहुण्याचा घोडा. खर्ज नंतर जोडलेली प्रत. गायक: अम्ब्रोसी त्सिंत्साद्झे.’ वर, पहिल्या पानावर, दोन आवाजांची प्रत होती तशीच होती, आणि तिच्याखाली आजवर कोणी न मोजलेली तिघांची नावे होती, कारण ती नावे काढणे जुंबेरला अप्रामाणिक वाटले.

त्या संध्याकाळी त्याने लमाराला सांगितले, “बसवलं मी बाबांना गाण्यात.” तिने फोन घेतला, वरून खाली, खालून आणखी खाली बोट फिरवत गेली, आणि तळाशी आल्यावर चष्मा लावून ते शीर्षक वाचले. दुसऱ्या दिवशी ती माहेरी गेली आणि वडिलांना तिने ते शब्द न गाळता वाचून दाखवले.

शुक्रवारी, बाजार भरलेला असताना, अम्ब्रोसी दुकानात आला. काठी घेऊन, चांगला कोट घालून, टोपी काढून. जुंबेरने खुर्ची पुसून दिली. म्हातारा बसला नाही.

“नंतर जोडलेला,” तो म्हणाला. “कधी जोडला म्हणता, जावईबापू? काल? परवा?”

“बाबा, ती नुसती वर्गवारी आहे. लोकांना सोपं जावं म्हणून. आवाज पूर्ण आहे, एक सेकंद कापलेला नाही. ज्याला हवं त्याला सापडतं.”

“किती जणांना हवं होतं?”

जुंबेरने पडद्याकडे पाहिले. एकोणीस. त्यांतले सात त्याने स्वतः उतरवलेले होते, चालते की नाही हे पाहण्यासाठी. “सुरुवात आहे,” तो म्हणाला.

“वरच्याखाली माझं नाव आहे म्हणाली लमारा.”

“आहे ना! पहिल्या पानावर. ठळक.”

“ते काढा.”

“काढू?”

“त्यात मी गात नाही. जिथे माणूस गात नाही तिथे त्याचं नाव कशाला? ओतियाचं आणि पार्तेनचंही काढा. माझ्याशिवाय ते असे कधी गायले नाहीत. हे कोणी दुसरेच आहेत.”

खरे सांगायचे तर जुंबेरच्या छातीवरचा दगड उतरला. नावे नसली की चौकशी नाही, चौकशी नसली की तुटलेला दोरा नाही, आणि मानपत्र जागच्या जागी. त्याची बोटे इतक्या चपळाईने चालली, की म्हाताऱ्याला टोपी दुसऱ्या हातात घ्यायलाही अवधी मिळाला नाही.

“गायकाच्या जागी काय लिहू, बाबा? रकाना रिकामा ठेवता येत नाही इथे.”

“तुमचं नाव लिहा. हे तुम्हीच केलंय.”

जुंबेर हसला, सासरा पहिल्यांदाच त्याच्याशी थट्टा करतो आहे असे त्याला वाटले. मग समोरचा चेहरा पाहून तो हसायचा थांबला, आणि त्याने ‘लोकगीत’ असे लिहिले. ते पुढे फार चालले. श्रोत्यांना असे शब्द आवडतात.

“झालं?”

“झालं, बाबा.”

“रीळ द्या.”

“रीळ?” जुंबेर उठून उभा राहिला. “रीळ घेऊन काय करणार तुम्ही? तुमच्याकडे यंत्र कुठे आहे?”

अम्ब्रोसीने काउंटरवरचा रिळाचा बिस्किटांचा डबा उचलून काखेत धरला आणि टोपी डोक्यावर ठेवली.

“यंत्र तुमच्याकडे होतं की, जावईबापू,” तो म्हणाला.

दाराशी एक बाई पेनड्राइव्ह घेऊन केव्हाची उभी होती. म्हाताऱ्याला वाट देण्यासाठी ती बाजूला सरकली, आणि तो पायरी उतरायच्या आतच तिने जुंबेरकडे पाहून गुणगुणायला सुरुवात केली.